पाटावरची हवेची गन

रुपराव भोयरांना कोणी मेकॅनिक म्हटलं की त्यांचं टाळकं सणकायचं. मेकॅनिक म्हणजे ज्याच्या दुकानात वायरींची भेंडोळी लोंबतात तो. आपण हवेचा अन् तेलाचा माणूस, असं ते ठासून सांगायचे. अन् सांगायचे कोणाला, तर बिघडलेला जॅक खांद्यावर घेऊन आलेल्या ट्रकवाल्याला! त्या बिचाऱ्याला जॅक उचलतो की नाही एवढ्याशीच मतलब, पण ऐकून घ्यावं लागायचं. हिंगणा रोडवर जॅकचं काम चांगलं करणारा दुसरा होता कुठे?

दुकान कसलं, टिनाचं शेड ते, शेजारच्या टायरवाल्याच्या भिंतीला टेकून उभं. खाली जॅकांची रांग, वर खिळ्यांना लटकलेल्या हवेच्या गन. ही गन म्हणजे कंपन्यांत नटबोल्ट आवळायला वापरतात ती. नळीतून दाबाची हवा येते, आतली चकरी फिरते, घोडा दाबला की नट गपकन बसतो. जॅकात तेच काम तेल करतं. कुठे वायर नाही, झटका नाही, ठिणगी नाही. रुपरावांचा संसार, पोरीचं शिक्षण, बायकोच्या हातातल्या पाटल्या, सगळं या हवेवर अन् तेलावर उभं राहिलेलं.

लोक खोडी काढायचेच. रुपरावभाऊ, तुमचा कॉम्प्रेसर काय गोडेतेलावर चालते? त्याले तर बिजलीच लागते ना? यावर रुपरावांचं उत्तर तयार असायचं. बिजलीला त्यांनी कोपऱ्यात कामाला बांधून ठेवलं आहे, माणसाच्या हातात मात्र हवाच येते. एवढं बोलून ते असे पाहायचे, जसा खटलाच जिंकला.

हट्टी होते, मान्य. पण तो हट्ट उगाच नव्हता. तरुणपणी मौद्याकडून नागपुरात आले तेव्हा गावचाच मारोतराव सोबत होता. दोघे एका ठेकेदाराकडे लागले. ओल्या हौदात उतरून लोखंड घासायचं काम. मारोतरावच्या हातात बिजलीचा ग्राइंडर होता अन् त्याच्या वायरीला इतक्या ठिकाणी चिकटपट्टी होती की मूळ वायर शोधावी लागायची. एका दुपारी मारोतराव ग्राइंडर धरून नुसता थरथरत उभा राहिला. रुपरावांना वाटलं, पोट्टा मस्करी करून राहिला. ते हसले. हसून झाल्यावर त्यांना कळलं, अन् मग बटण बंद करायला धावले तोवर काही उरलं नव्हतं. ते हसणं त्यांच्या गळ्यात जन्मभर अडकून राहिलं. मारोतरावचं दिवसपाणी झाल्यावर त्यांनी हवेचं काम करणारा एक उस्ताद गाठला अन् त्याचे पाय धरले. हवेनं माणूस मरत नाही, एवढी एकच गोष्ट त्यांनी मनाशी धरली अन् तिच्यावर सारं आयुष्य काढलं.

चाललंही चांगलं. हिंगण्याच्या एमआयडीसीत मोठ्या गाड्यांचे एक्सल बनवणारी एक कंपनी आहे. तिथल्या सगळ्या गन रुपरावांकडे यायच्या. मेंटेनन्सचा फोरमन धम्मानंद त्या गोणपाटात गुंडाळून स्कूटरच्या पायाशी ठेवून आणायचा. आला की आधी चहा, मग कंपनीतल्या साहेबांची निंदा, अन् त्यानंतर काम. दोघांची गट्टी अशी की सुभद्रा, म्हणजे रुपरावांची बायको, म्हणायची की यांचं लग्न धम्मानंदभाऊंशीच लावायचं होतं.

मग स्वस्ताच्या गन आल्या. बिघडली की फेका अन् नवी आणा. जॅकही तसेच आले. दुरुस्तीला जेवढं लागायचं त्यात थोडी भर घातली की नवा मिळायला लागला, मग दुरुस्तीला कोण येतो? ट्रकवाले गेले, गॅरेजवाले गेले. ज्या जुन्या जॅकांची तेल अडवणारी रबरी सील बाजारात मिळायची तीही मिळेनाशी झाली, कारण बनवणाऱ्यांनीच बनवणं सोडलं. शेवटी दुकानाला एकच खांब उरला, तो म्हणजे ही एक्सलवाली कंपनी. तो खांब आहे तोवर छप्पर आहे, हे रुपरावांना कळत होतं. सुभद्रालाही कळत होतं. फक्त बोलत कोणी नव्हतं.

आता नशिबाची मस्करी पाहा. या दोघांची एकुलती एक पोरगी काजल. पॉलिटेक्निकातून मेकॅनिकलचा डिप्लोमा केला तिनं. रुपरावांनी साऱ्या हिंगणा रोडवर पेढे वाटले होते. अन् नोकरी लागली कुठे? औजारं विकणाऱ्या एका डीलरकडे. अन् विकायचं काय? बॅटरीवरच्या गन! घरचा भेदी म्हणावं तर तीही वेळ नव्हती, कारण पोरगी जिवाला जीव देणारी. रुपराव वरून म्हणायचे, पोट्टी ऑफिसच्या गाडीत फिरते. आतून काय वाटायचं ते त्यांनी धम्मानंदलाही सांगितलं नाही.

एका रविवारी काजल घरीच लॅपटॉप उघडून बसली. कंपन्यांत जाऊन साहेबांसमोर बोलायचं असतं, त्याचा सराव करत होती. आई मेथी निवडत होती, बाप खुर्चीत. पडद्यावर जगाचा नकाशा, त्याच्यावर खांब, रेषा, बाण. हवेवरच्या अन् तेलावरच्या औजारांच्या जागतिक बाजाराचा कल, असं त्याचं नाव. कल म्हणे! निवडणुकीच्या निकालाच्या दिवशी टीव्हीवर कल येतात, तसा आता पान्या-हातोड्यांचाही कल यायला लागला. बॅटरीची रेष घोड्यासारखी उधळलेली. तेलाची रेष खाणीत, पुलांवर, अपघातात गाडी कापायच्या कामात, म्हणजे जिथे फार जोर लागतो तिथे तग धरून. हवेची रेष आधी सपाट अन् मग थकून खाली बसलेली.

रुपरावांनी सगळं नीट ऐकलं. चष्मा पुसून पुन्हा पाहिलं. मग विचारलं, "यातल्या कोणत्या लकीरीत आपलं दुकान हाय वं?"

काजल हसली, मग पडदा त्यांच्याकडे वळवला. "बाबा, यात दुकानं नसतात. यात देश असतात." मग तिनं समजावलं. आपल्याकडे हवेची औजारं अजूनही खपतात, वाढतातही, पण नवी. दुरुस्ती या चित्रात धरलेलीच नाही. कोणीच धरत नाही. रुपरावांनी मान हलवली अन् सुभद्राकडे चहा मागितला.

त्याच दिवशी तिनं नमुन्याची बॅटरीवाली गन बापाच्या हातात दिली. रुपराव नाखुशीनंच उठले. अंगणातल्या जुन्या एक्सलवर एक नट होता, त्याच्यावर लावून घोडा दाबला. नट बसला. नळी ओढावी लागली नाही, कान फाटला नाही, खांद्याला हिसका बसला नाही. बाप्पा! माणूस खोटं बोलू शकतो, पण खांदा बोलत नाही. वर्षानुवर्षं दुखत असलेला तो खांदा त्या दिवशी निवांत राहिला. अन् वायरही नाही. ओल्या हौदात मारोतरावच्या हातात हे असतं तर तो आज नातवंडं खेळवत असता. ज्या एका मुद्द्यावर रुपराव जन्मभर भांडले, तो मुद्दाच त्या काळ्या-पिवळ्या डब्यानं त्यांच्या हातातून काढून घेतला.

त्यांनी विचारलं, ही खोलायची कशी? काजल म्हणाली, खोलायची नसते. वरचं सील तुटलं तर वॉरंटी जाते. बिघडली तर अख्खी बदलून देतात. रुपरावांनी गन हळूच दिवाणावर ठेवून दिली, झोपलेल्या लेकराला ठेवावं तशी. त्यानंतर तिला हात लावला नाही.

श्रावण सरला तशी बातमी आली. एक्सलवाली कंपनी हवेची पाइपलाइनच काढून टाकणार. कॉम्प्रेसर दिवसभर बिजली खातो, जुन्या पाइपांतून हवा गळते, अन् वरच्या ऑफिसातून सगळं बॅटरीवर न्यायचा हुकूम आहे. अन् बॅटरीच्या गन देणार कोण? काजलचा डीलर. धम्मानंदनं हे सांगितलं तेव्हा त्याचा चहा तसाच राहिला. तो स्वतः दिवाळीनंतर रिटायर होणार होता, त्यामुळे त्याचा शब्द आता कोणी धरत नव्हतं.

त्या संध्याकाळी भोयरांच्या घरात कोणी धड जेवलं नाही. काजल दोन दिवस बापाच्या डोळ्याला डोळा देत नव्हती. तिसऱ्या दिवशी आली अन् म्हणाली की एक रस्ता निघाला आहे. शेवटच्या लाइनवर चाकाचे मोठे नट बसवतात, तिथे फार जोर लागतो. तिथे दसऱ्यानंतर दोन्ही गन समोरासमोर चालवून पाहायच्या, असं परचेसचे ऋषीसाहेब तयार झाले आहेत. बाबांची गन टिकली तर ती एक लाइन हवेवर राहील अन् तिची देखभाल बाबांकडेच.

एक लाइन! रुपरावांना तेवढं पुरे होतं. एक लाइन राहिली तर दुकानाचं शटर रोज उघडतं, माणसाला सकाळी कुठे तरी जायला जागा असते. बाकी दुनियेची लकीर खाली जावो नाहीतर वर, तिच्याशी त्यांना काय करायचं होतं?

नवरात्र लागलं अन् रुपरावांनी सगळ्यांत जुनी, लांब नळीची भक्कम गन काढली. बाळंतिणीला जपावं तसं जपलं तिला. सगळी खोलली, धुतली, नवी पाती टाकली. पाती म्हणजे चकरीच्या खाचांत सरकणाऱ्या पातळ पट्ट्या, हवा त्यांनाच ढकलते अन् गन फिरते. पाती मोकळी सरकली पाहिजेत, नाहीतर सगळं मुसळ केरात. वरून त्यांनी उस्तादाची एक जुनी युक्ती केली. गनच्या तोंडाशी, जिथे हवेची नळी जोडतात, तिथे कचरा अडवायला बारीक जाळी असते. ती काढून ठेवली. जाळी नसली की हवा मोकळी घुसते अन् जोर वाढतो. रोजच्या कामाला असं कोणी करू नये, पण एक दिवसाच्या परीक्षेला चालतं. सुभद्रा म्हणाली, माझ्या मागं एवढं फिरले असते तर मी काय काय झाले असते. रुपराव हसले. बऱ्याच महिन्यांनी हसले.

मग खंडेनवमी आली. भोयरांकडे त्या दिवशी औजारं पाटावर बसतात. धुऊनपुसून, ओळीनं, समोर रांगोळी, झेंडूचे हार. पाटावर बसलेल्या औजाराला दसरा होईपर्यंत हात लावायचा नाही. अन् उठवल्यावरही रिकामं चालवून पाहायचं नाही. पूजेतल्या औजाराचा पहिला घोडा खऱ्या कामावरच दाबायचा, ही उस्तादाची शिकवण. दरवर्षी पूजा रुपराव स्वतः करायचे, अन् हळदकुंकू वाहण्याआधी प्रत्येक गनच्या तोंडात कापसाच्या चिंधीचं बूच घालायचे. देवाचं देवाला अन् हवेचं हवेला, असं काहीतरी पुटपुटत. ही सवय इतकी जुनी की ती सवय आहे हेही ते विसरले होते.

त्या घरात आणखी एक रीत होती. पूजा त्यानं करायची ज्याच्या हातात पुढे औजार जाणार. उस्तादानं म्हातारपणी ताम्हन रुपरावांच्या हातात दिलं होतं, तेव्हा दोघंही काही बोलले नव्हते. बोलायचं नसतंच ते. रुपरावांना मुलगा नव्हता. ताम्हन द्यायचं कोणाला, हा प्रश्न त्यांनी कधी कोणापुढे मांडला नाही, पण दर नवमीला तो त्यांच्यासोबत पाटासमोर येऊन बसायचा.

त्या सकाळी काजल न्हाऊन, आईची जुनी जांभळी साडी नेसून आली. म्हणाली, "बाबा, यंदा पूजा मी करू?"

रुपरावांना आधी वाटलं, आपण चुकीचं ऐकलं. मग त्यांनी ताम्हन तिच्या हातात दिलं. सुभद्रानं पदर डोळ्याला लावला. पोरगी बॅटरी विकते तर विकू दे, पण रीत तिनं उचलली होती! त्या माणसाला एवढा आनंद झाला, एवढा, की ते नुसते हात जोडून बाजूला बसले अन् पोरीकडे पाहत राहिले. तिनं हळद वाहिली, कुंकू वाहिलं, झेंडू ठेवला. कुंकवात भिजवलेल्या अक्षता ओंजळ भरून गनवर टाकल्या, एकदा, दोनदा. गनचं तोंड वर होतं. बूच घातलेलं नव्हतं, जाळी काढलेली होती. अन् रुपरावांना दिसत होती ती फक्त पोरीची ओंजळ.

दसऱ्याला सोनं वाटलं. धम्मानंद दीक्षाभूमीवरून परतताना आवर्जून घरी आला, पुरणपोळी खाऊन गेला, म्हणाला, परवा पायजो भाऊ, आपली म्हातारी त्या पोट्टीले पाणी पाजते. म्हातारी म्हणजे ही गन, अन् पोट्टी म्हणजे ती बॅटरीवाली.

परीक्षेच्या दिवशी रुपराव इस्त्रीचा शर्ट घालून गेले. शेवटच्या लाइनवर आठ-दहा माणसं जमलेली. ऋषीसाहेब वयानं काजलएवढाच, पण वागायला चांगला. रुपरावांना काका म्हणून हाक मारली, खुर्ची दिली. उगाच शिष्ट असता तर रुपरावांना नंतर त्याच्यावर राग तरी काढता आला असता. काजल डीलरचा शर्ट घालून पलीकडे उभी होती, हातात बॅटरीची गन. धम्मानंदनं स्वतः नळी जोडली. पूजेच्या गनवर अजून हळदीचा पिवळा डाग होता, तो रुपरावांनी पुसू दिला नाही.

त्यांनी घोडा दाबला अन् म्हातारी गरजली. पहिला नट बसला, दुसरा बसला. लाइनवरची जुनी माणसं एकमेकांकडे पाहून हसली. धम्मानंदनं मिशी चोळली. मग आवाज बदलला. रुपरावांना तो इतरांच्या आधी ऐकू आला. घशात काहीतरी अडकल्यासारखा. नट अर्ध्यावर थांबला. त्यांनी घोडा सोडून पुन्हा दाबला. गन घरघरली, किंचाळली अन् चकरी जागच्या जागी बसली. धम्मानंदनं नळी तपासली, दाब तपासला. सगळं ठीक होतं. रुपरावांनी तिसऱ्यांदा दाबला, चौथ्यांदा दाबला. नुसती हवा फुसफुसत बाहेर येत राहिली अन् सगळे पाहत राहिले.

काजलनं उरलेले नट बॅटरीच्या गननं बसवले. मान वर न करता, एकामागून एक. ऋषीसाहेब म्हणाला की काका, मशीन आहे, होतं असं. हे तो इतक्या मऊ आवाजात म्हणाला की रुपरावांना तिथे उभं राहवेना. धम्मानंदनं गन गोणपाटात गुंडाळली अन् त्यांच्या पाठीवर हात ठेवून तो फाटकापर्यंत आला.

दुकानात येऊन रुपरावांनी आधी शटर अर्धं ओढलं. मग गन खोलली. पाती नवी कोरी होती, पण एक खाचेत घट्ट रुतलेलं. त्यांनी बारीक सळईनं ते सोडवलं. खाचेत लाल-पांढरा लगदा भरलेला, अन् त्याच्यामागं एक अख्खा तांदूळ, न फुटलेला, कुंकवानं लाल. त्यांनी तो बोटावर घेतला.

मग एकेक करून सगळं समोर आलं. वर केलेलं गनचं तोंड, काढून ठेवलेली जाळी, विसरलेलं बूच, पोरीची ओंजळ. त्यांनी तांदूळ उजेडात धरला. स्वतःला शिव्या घालाव्यात तर त्याही सुचेनात. जन्मभर एकदाही विसरले नव्हते, अन् ज्या दिवशी विसरले तो त्यांच्या आयुष्यातला सगळ्यांत आनंदाचा दिवस होता. तरीही, खरं सांगायचं तर, त्या दुखण्यात एक आधार होता. म्हातारी हरली नव्हती. हवा हरली नव्हती. रुपराव भोयर चुकला होता, एवढंच. चुकलेला माणूस पुढच्या वेळी बूच घालू शकतो.

बाहेर स्कूटी थांबली. काजल शटरखालून वाकून आत आली. रुपरावांनी तांदूळ मुठीत घेतला. झाकली मूठ सव्वा लाखाची म्हणतात. काजल समोरच्या डब्यावर बसली, खोललेल्या गनकडे पाहिलं अन् विचारलं की काय झालं होतं, बाबा.

पोरीला सांगायचं, की तुझ्या हातच्या अक्षतांनी हे झालं? मरेपर्यंत ती दर नवमीला ते आठवत बसली असती. रुपरावांना मारोतरावसमोरचं आपलं हसणं आठवलं. असली गोष्ट माणसाला किती वर्षं पुरते ते त्यांना ठाऊक होतं.

"पातं झिजलं होतं," ते म्हणाले. "माह्याच ध्यानात नाही आलं."

झिजलेलं पातं या दुकानातून कधी बाहेर गेलं नव्हतं, हे काजललाही माहीत होतं. लहानपणी ती इथेच याच डब्यावर बसून अभ्यास करायची. तिचा चेहरा पडला. बाप स्वतःला दोष देतो आहे, अन् आता हा माणूस रोज इथे बसून याच एका पात्यावर झुरत राहणार, हे तिला दिसलं. तिला ते सहन झालं नाही.

"बाबा, तुम्ही मनाले लावून घेऊ नका," ती म्हणाली. "गन चालली असती तरी काही नसतं झालं. ऑर्डर श्रावणातच पक्की झाली होती. सगळ्या लाइनची. मीच ऋषीसरांना हात जोडले होते, की एकदा बाबांची गन लाइनवर लावू द्या. इतकी वर्षं काम केलं त्यांनी, असंच कसं बंद करायचं. म्हणून ठेवली ती ट्रायल. तुमची काहीच चूक नाही."

रुपराव ऐकत होते. शेजारी टायरवाला कोणत्या तरी गाडीत हवा भरत होता, त्याचा आवाज येत होता. म्हणजे बूच घातलं असतं तरी तेच. जाळी असती तरी तेच. म्हातारीनं साऱ्या कंपनीचे नट बसवले असते तरी तेच. चुकण्याचाही हक्क त्यांना कोणी ठेवला नव्हता. आता जे मनात आलं ते त्यांना विचारायचं नव्हतं. पण तोंडातून निघून गेलं.

"मंग पूजा काहून केली तू?"

काजलनं त्यांच्याकडे पाहिलं. खोटं बोलायची तिला सवय नव्हती, बापानंच तसं वाढवलं होतं. "तुमचं मन राहावं म्हणून," ती हळूच म्हणाली. "मले माहीत होतं ना, यंदाची शेवटचीच आहे."

रुपरावांनी मान हलवली, त्या रविवारी लॅपटॉपसमोर हलवली होती तशीच. पोरीनं काही वाईट केलं नव्हतं. उलट तिच्यापरीनं जेवढं करता येईल तेवढं केलं होतं. रागवावं असं कोणीच नव्हतं. त्यांनी मूठ शर्टाच्या खिशाशी नेली, तांदूळ खिशात टाकला अन् हात पँटला पुसला.

मग ते कामाला लागले, कारण खोललेली गन तशीच ठेवून घरी जायचं त्यांना माहीत नव्हतं. डब्यातून दुसरं पातं काढल्यासारखं केलं अन् तेच पातं पुसून परत बसवलं. तेलाचे थेंब सोडले. शेवटी जाळी घेतली अन् गनच्या तोंडाशी नीट दाबून बसवली. बैल गेला अन् झोपा केला. काजल त्यांना पाने देत होती, जसे लहानपणी द्यायची, न मागता, बरोबर पाहिजे तोच.

नळी जोडली. पूजेतलं औजार रिकामं चालवायचं नसतं, पण समोर कोणताही नट नव्हता अन् आता येणारही नव्हता. रुपरावांनी घोडा दाबला. म्हातारी पहिल्या झटक्यात गरजली, अशी की टिनाचं शेड थरथरलं अन् टायरवाल्यानं पलीकडून डोकावून पाहिलं. घसा एकदम साफ होता.

काजलचा चेहरा उजळला. दिवसभरात पहिल्यांदा ती हसली. "पाहा बाबा, चालली ना!"

"हो," रुपराव म्हणाले. "आता चालते."